उजेड पाळणाऱ्यांचा पंथ कसा रचावा

बऱ्याच वर्षांपूर्वी मी एका दिवाळी अंकाला अद्भुतकथा पाठवली होती. डोंगरातला मठ, पांढऱ्या झग्यांतले साधक, मधोमध तरंगणारा तेजाचा गोळा आणि दर दोन परिच्छेदांआड संस्कृत वाटेल असा एक मंत्र. कथा साभार परत आली. समासात संपादकांनी पेन्सिलीनं एवढंच लिहिलं होतं, 'हे झगे धुतं कोण?'

राग आठवडाभर टिकला. प्रश्न अजून टिकून आहे.

त्यानंतर असे तीन-चार पंथ रचले. दोन कथांसाठी, एक मित्रांबरोबर पटावर खेळायच्या खेळासाठी, एक नुसताच वहीत पडून आहे. तुम्ही पहिल्यांदाच असा काल्पनिक पंथ रचायला बसला असाल, ज्याच्याकडे जिवंत उजेड सांभाळायचं काम आहे, तर खालच्या क्रमानं जा. पंथाचे नियम, अधिकाराच्या पायऱ्या, भांडणं, शिव्या, सगळं त्या उजेडाला काय लागतं यातूनच निघतं. उजेड काय खातो आणि कशानं मरतो हे ठरलेलं नसेल, तर बाकीचं सामान नाटक कंपनीच्या कपडेपटातून उसनं आणल्यासारखं दिसतं.

पहिली पायरी : उजेड निवडा

इथे घाई करू नका. माझा निम्मा वेळ याच पायरीवर जातो आणि तो वाया गेला असं अजून तरी झालेलं नाही.

सर्वांत ओळखीची ज्योत. तिची सोय अशी की वाचकाच्या घरातही ती असते. समई, निरंजन, नंदादीप हे शब्द नुसते लिहिले तरी त्याला तेलाचा वास येतो. गैरसोयही तीच. काहीतरी चूक लिहिलीत की कोणाची तरी आजी पकडते.

दुसरा उजेड काजव्यांचा. मे महिन्याच्या अखेरीपासून पाऊस जोर धरेपर्यंत भंडारदरा, घाटघर, पुरुषवाडी, राजमाची या भागांत झाडंच्या झाडं लुकलुकतात, हे आता सगळ्यांना माहीत झालंय. पण कथेच्या कामाचं आहे ते उरलेलं वर्ष. काजवा हा भुंगेऱ्यांच्या जातीचा कीटक. पंख फुटल्यावर तो काही आठवडेच जगतो. त्याआधीचा मोठा काळ तो अळी म्हणून ओल्या मातीत, पालापाचोळ्यात काढतो आणि तिथे गोगलगायी खातो. म्हणजे काजवे पाळणारा पंथ हा खरं तर गोगलगायी पाळणारा पंथ झाला. वर्षाचे अकरा महिने चिखलात हात आणि एक महिना सोहळा. हे मला इतकं आवडलं होतं की त्यावर अख्खी कथा लिहिली. ती फसली, पण त्यात दोष गोगलगायींचा नव्हता.

काजव्यांचा शत्रूही कथेला पोषक आहे. नर-मादी एकमेकांना उजेडाच्या खुणेनं शोधतात, त्यामुळे बॅटरी, गाडीचे दिवे, मोबाईलचा फ्लॅश यांनी त्यांची ओळखच चुकते. उजेडाला उजेडच मारतो. हे वाक्य पात्राच्या तोंडी मात्र घालू नका, फार नाटकी वाटतं. प्रसंगातून दिसू द्या.

तिसरा, समुद्राचा. कोकणात, गोव्यात काही रात्री लाट फुटताना निळसर उजळते. नॉक्टिलुका नावाचा एकपेशीय जीव त्यामागे असतो, आणि पाणी ढवळलं की तो चमकतो. हा उजेड घरी आणून सांभाळता येत नाही, त्याच्या मागे जावं लागतं. भटक्या पंथासाठी ठीक. मला जमलं नाही.

चौथा बुरशीचा. भीमाशंकरच्या जंगलात, पश्चिम घाटात इतरत्र आणि गोव्याच्या म्हादई परिसरातही, भर पावसाळ्यात कुजणारं लाकूड रात्री मंद हिरवं दिसतं. लाकडात पसरलेले बुरशीचे तंतू उजळतात. हा उजेड काजव्यासारखा मिचमिचत नाही, सलग असतो. लाकूड वाळलं की जातो. आणि त्याला श्वास लागतो : 1667 साली रॉबर्ट बॉईलनं असं चमकणारं लाकूड काचेच्या भांड्यात ठेवून पंपानं आतली हवा काढली, तर उजेड गेला. हवा परत आत सोडली, तर उजेडही परत आला. ऑक्सिजन हा शब्दही तेव्हा कोणाला ठाऊक नव्हता.

उजेडाला श्वास लागतो, ओल लागते, आणि तो एका लाकडावरून दुसऱ्या लाकडावर हळूहळू चालत जातो. यापेक्षा जास्त जिवंत काय हवं? पुढच्या पायऱ्यांसाठी मी हाच घेतो. त्याला सांभाळणाऱ्या माझ्या काल्पनिक माणसांचं नाव ओलकरी.

दुसरी पायरी : तो कशानं मरतो ते लिहून काढा

एका कागदावर डाव्या बाजूला मरणाची कारणं लिहा आणि उजव्या बाजूला प्रत्येकाविरुद्ध एक नियम. कागद संपेपर्यंत नको, तीन-चार नियम पुरे. वाचकाला चौथ्यानंतरचा नियम आठवत नाही आणि लेखकाला पाचव्यानंतरचा.

खऱ्या जगातले नियम बघा. पारशी अग्यारीत अग्नीजवळ जाणारा मोबेद, म्हणजे पुजारी, नाकातोंडावर पांढरं कापड बांधतो. त्याला पदान म्हणतात. श्वास आणि थुंकी अग्नीला लागू नये म्हणून. आयर्लंडमधल्या किल्डेअरला संत ब्रिजिडचा अग्नी जोगिणी राखत असत. बाराव्या शतकात वेल्सच्या जेराल्डनं त्याचं वर्णन केलंय, त्यातही तोंडानं फुंकायची बंदी आहे. भाता किंवा सूप वापरायचं. आणि आपल्याकडे समईला फुंकर घातली की पाठीत धपाटा बसतो. तीन ठिकाणचे लोक, तिघंही तोंडाची हवा ज्योतीपासून दूर ठेवतात. असा एखादा नियम तुमच्या पंथाला मिळाला की अर्धं काम झालं, कारण वाचकाच्या अंगात तो आधीपासून असतो.

ओलकऱ्यांचा कागद असा झाला. कोरडेपणानं मरतो, म्हणून लाकूड उघड्या उन्हात न्यायचं नाही. हवा कोंडली की मरतो, म्हणून पेटीत, मडक्यात, देव्हाऱ्यात बंद करायचं नाही. (त्यामुळे माझ्या पंथाला गाभाराच उरला नाही. उघडी गुहा घ्यावी लागली. बरं झालं.) खायला संपलं की मरतो, म्हणून जुनं लाकूड भुसभुशीत व्हायच्या आत त्याला टेकून नवं ठेवायचं. आणि नवं म्हणजे आपसूक पडलेलं. झाड तोडायचं नाही. हा शेवटचा नियम मी शोधलेला नाही. कित्येक देवरायांत वाळकं लाकूडसुद्धा बाहेर न्यायची बंदी असते. ते तिथेच पडतं, तिथेच कुजतं. माझी गुहा देवराईत आपोआपच गेली.

चोरी करायची ती अशी, कार्यपद्धतीची. पारशांचा विधी, अग्निहोत्र्यांचा विधी जसाच्या तसा उचलून त्यावर काल्पनिक नाव डकवू नका. ती जिवंत माणसांची श्रद्धा आहे, आणि कथेतही ती चोरी लगेच ओळखू येते.

तिसरी पायरी : खर्च कोण करतं?

झग्याचा प्रश्न इथे सुटतो. सतत जळणाऱ्या दिव्याला सतत तेल लागतं आणि तेल कोणीतरी विकत आणतं. आपल्याकडे देवळांच्या दिवाबत्तीसाठी जमिनी इनाम दिलेल्या असत. पण या बाबतीतलं माझं सर्वांत लाडकं उदाहरण तंजावरचं आहे.

बृहदीश्वराच्या देवळात आपण मराठी माणसं भोसल्यांचा तो लांबलचक मराठी शिलालेख पाहायला जातो. त्याच देवळावर त्याच्या कितीतरी आधीचे, देऊळ बांधणाऱ्या राजराज चोळाच्या काळचे, म्हणजे 1010 च्या आसपासचे तमिळ लेख आहेत. त्यांत एका नंदादीपाचा हिशोब आहे : 96 मेंढ्या. किंवा 48 गाई. किंवा 16 म्हशी. एवढी जनावरं एका गवळ्याच्या स्वाधीन करायची आणि त्यानं रोज ठरलेलं माप तूप देवळात पोचवायचं. मेंढ्या मरणारच, म्हणून कळपाचा आकडा कायम ठेवायची जबाबदारी त्याचीच. लेखांत त्या मेंढ्यांना शब्द आहे 'न मरणाऱ्या, न म्हाताऱ्या होणाऱ्या'.

आता सांगा, चमत्कार कुठला मोठा? अखंड जळणारी ज्योत की न मरणाऱ्या 96 मेंढ्या? आणि त्या मेंढ्या राखणारा माणूस पंथात मोजला जातो की नाही? पुजारी त्याला ओळखतात का? दुष्काळात तो काय करतो? एका ओळीतल्या आकड्यातून पूर्ण कथा उभी राहते.

तुमच्या उजेडाचा असा आकडा काढा. ज्योत असेल तर घरच्या समईत मोजून तेल घाला, एक वात लावा, घड्याळ बघा. रात्रीचं तेल, वर्षाचं तेल, शंभर वर्षांचं तेल. मग ते तेल कुठल्या घाटानं, कोणाच्या पाठीवरून येतं ते ठरवा. माझ्या ओलकऱ्यांना तेल नको, पाणी हवं. सह्याद्रीत चार महिने नको तेवढं पाणी आणि फाल्गुनापासून मृगापर्यंत ठणठणाट. म्हणजे त्यांचा खरा हंगाम उन्हाळा. झरा आटला की खालच्या कुंडातून घडे चढवायचे. पोटासाठी ते हिरडा गोळा करून विकतात, त्या डोंगरांत खरोखरच विकतात तसा. झगे नाहीत. घोंगडी आहे, आणि ती कोणीच धूत नाही.

चौथी पायरी : एकच खोटं

आतापर्यंत सगळं शास्त्राला धरून झालं. पण पंथ गूढ हवा ना? तर इथे एक खोटी गोष्ट घाला. एकच. ती आधीच्या खऱ्या गोष्टींच्या पोटातून यावी, आकाशातून पडू नये.

मी बराच काळ अडलो होतो. उजेडात भविष्य दिसतं, खोटं बोलणाऱ्यासमोर उजेड मंदावतो, असलं सगळं लिहून खोडलं. ते कुठल्याही उजेडाला चिकटवता आलं असतं, म्हणून खोडलं. मग बुरशीचं मूळ काम आठवलं, ती लाकूड कुजवते. त्यावरून ओलकऱ्यांचा विधी सुचला. माणूस गेला की त्याच्या वापरातली एक लाकडी वस्तू घरचे लोक गुहेत आणतात. काठी, पाट, लाटणं, नांगराची मूठ. ती जुन्या लाकडाला टेकवून ठेवतात. काही पावसाळ्यांनी तिच्यावर उजेड चढतो. मग ती उजळत उजळत मातीत जाते. ती संपेपर्यंत घरच्यांच्या स्वप्नात तो माणूस येतो, संपली की येत नाही. खोटं तेवढंच, स्वप्नाचं. बाकी सगळं लाकडाला खरोखर होऊ शकतं.

त्यातून फुकट मिळालेली गंमत म्हणजे सागवान. सागाचं लाकूड सहजी कुजत नाही. त्यामुळे पाटलाच्या सागवानी पलंगावर उजेड काही चढत नाही आणि शेजारी गड्याची आंब्याच्या लाकडाची खुर्ची दोन पावसाळ्यांत लखलखते. पाटलाचं स्वप्न संपत नाही. हे मला सुचलेलं नाही, लाकडानं सुचवलं.

पाचवी पायरी : पहारा लावा

अखंड काम म्हणजे पाळ्या. पाळ्या म्हणजे कोणीतरी उशिरा येणार.

गावच्या अखंड हरिनाम सप्ताहात कधी पहाऱ्याला उभे राहिला असाल तर हे शिकवायला नको. सात दिवस वीणा खाली टेकायची नाही, एका गळ्यातून दुसऱ्या गळ्यात जाते. रात्री दोन ते चारचा पहारा कोणालाच नको असतो, तो नव्या जावयाच्या किंवा कॉलेजातून सुट्टीला आलेल्या पोराच्या वाट्याला येतो. किल्डेअरला एकोणीस जोगिणी एकेक रात्र सांभाळत. विसाव्या रात्री शेवटची जोगीण लाकडं ठेवून म्हणे, ब्रिजिड, आजची रात्र तुझी. सकाळी अग्नी जिवंत असे. मेलेल्या संताला पाळीत धरायचं, ही कल्पना कोणा थकलेल्या बाईलाच सुचली असणार असं मला वाटतं. गुजरातेतल्या उदवाड्याच्या इराणशाह आतशबेहरामात, म्हणजे पारशांच्या सर्वांत मानाच्या अग्निमंदिरात, दिवसाच्या पाच प्रहरांना पाच वेळा अग्नीला लाकूड देतात, घंटा वाजते. त्याला बोई म्हणतात.

तुमच्यापुरतं एवढं ठरवा : पाळी बदलताना एका हातातून दुसऱ्या हातात नेमकं काय जातं? वीणा, किल्ली, पळी, काहीतरी हवंच. ओलकऱ्यांत शब्द जातो. येणारा विचारतो, 'ओल आहे?' बसलेला लाकडावर हात ठेवतो आणि म्हणतो, 'आहे.' मगच उठतो. पुढे हाच त्यांचा नमस्कार झाला, बाजारात भेटले तरी. वारकरी जसे एकमेकांना माऊली म्हणतात तसं.

सहावी पायरी : नवशिक्याला कंटाळवाणं काम द्या

बहुतेक कथांत नवा मुलगा दारात येतो आणि पहिल्याच रात्री त्याच्यासमोर उजेड भडकतो. असं करू नका. रोमच्या वेस्टा देवीचा अग्नी राखणाऱ्या कुमारिका सहा ते दहा वर्षांच्या असताना निवडल्या जात आणि तीस वर्षं बांधलेल्या असत : दहा शिकायची, दहा करायची, दहा शिकवायची. हा तीस वर्षांचा हिशोब मला कुठल्याही दीक्षाविधीपेक्षा जास्त हादरवतो. सातव्या वर्षी आलेली मुलगी सदतिसाव्या वर्षी बाहेर पडते. पुढे काय?

आपल्या घरांत दिव्याचं पहिलं शिक्षण वाती वळण्याचं असे. मांडीवर कापूस, बोटाला दूध किंवा राख, आणि लक्ष वातींचा नेम. तुमच्या नवशिक्याला असं हातांचं काम शोधा, जे वाचकाला करून बघावंसं वाटेल.

ओलकऱ्यांकडे पहिलं वर्ष पाणक्याचं. घडे चढवायचे, गुहेत पाऊल नाही. दुसऱ्या वर्षी अंधारात बसायचं. इथे डोळ्यांबद्दल थोडं माहीत हवं. उजेडातून अंधारात गेल्यावर डोळे नीट सरावायला वीस मिनिटं ते अर्धा तास लागतो, आणि एकदा बॅटरी चमकली की पुन्हा पहिल्यापासून. शिवाय अंधारात पाहणाऱ्या पेशी बुबुळाच्या सरळ रेषेत, दृष्टीच्या मध्यावर, नसतात. कडेला असतात. मंद उजेडाकडे थेट पाहिलं तर तो विरतो आणि जरा बाजूला पाहिलं की दिसतो. म्हणून ओलकरी नवशिक्याला 'तिरपं बघ' एवढंच सांगतात, आणि तो सहा महिने चिडत राहतो की हे मला काहीच शिकवत नाहीत.

फोटोंवर जाऊ नका. त्या बुरशीचे फोटो कॅमेऱ्याचं झाकण बराच वेळ उघडं ठेवून काढलेले असतात, म्हणून पोपटी झळझळीत दिसतात. डोळ्यांना तो फिकट, धुरकट दिसतो. पहिल्यांदा पाहणाऱ्याला आपण बघतोय की भास होतोय हेच कळत नाही. कथेत हा संशय लिहा, झळाळी नको.

सातवी पायरी : शब्द

'ज्योतिर्धारक', 'प्रकाशरक्षक', 'तेजोमंडल' हे शब्द कागदावर आले की मी उठून चहा करतो. त्यांना वास नाही.

मराठीत उजेडाच्या कामाचे शब्द ढिगानं आहेत आणि ते बहुतेक वाया जातायत. वात सारणं, काजळी झाडणं, पोत, पलिता, टेंभा. खंडोबाच्या कुळाचारातली दिवटी आणि तिला तेल पाजणारी बुधली. दिवटी धरणारा तो दिवट्या, आणि त्याच शब्दाचा 'दिवटा पोरगा' असा टोमणा झाला, तोही वापरा. पदं कामावरून पाडा. दिंडीत वीणेकरी असतो, चोपदार असतो, त्यांची नावं ऐकली की काम कळतं.

आणि न बोलायचे शब्द ठरवा. दिवा विझला असं घरात म्हणू देत नाहीत. तो शांत होतो, निमतो, मालवतो. नारळ फोडत नाहीत, वाढवतात. बांगडी फुटली तरी वाढवली. ज्या गोष्टीची भीती, तिच्यासाठी उलटा शब्द. ओलकऱ्यांना 'वाळलं' हा शब्द चालत नाही. ते म्हणतात, 'परगावी गेलं.' त्यामुळे कपडे वाळत घालणाऱ्या बाईलाही तिथे जरा जपून बोलावं लागतं, आणि विनोदाची एक जागा मिळते. गूढ पंथाला विनोद हवाच. ज्या पंथातली माणसं कधी हसत नाहीत तो पंथ लेखकाच्या टेबलावरच राहतो.

आठवी पायरी : गुपित (थोडक्यात)

गुपित ठेवलंत तर त्याची किंमतही दाखवा. महानुभावांनी आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत उतरवले. ग्रंथ सुरक्षित राहिले, आणि त्यांतलं जुनं, देखणं मराठी गद्य बाहेरच्या मराठी वाचकांना विसाव्या शतकापर्यंत जवळजवळ अनोळखी राहिलं. दोन्ही गोष्टी एकाच कुलपानं केल्या. तुमच्या कुलपानंही दोन्ही करायला हव्यात. जमत नसेल तर गुपित काढून टाका. माझ्या गुहेला दारच नाही, तेव्हा मी सुटलो.

नववी पायरी : बिघाड

काळा झगा घातलेला, उजेड विझवायला आलेला खलपुरुष ही सर्वांत सोपी आणि सर्वांत कंटाळवाणी वाट. उजेड सांभाळणाऱ्यांवर खरी संकटं वेगळी आली.

एक, झोप लागणे. वेस्टेचा अग्नी विझला तर त्या कुमारिकेला फटके बसत, आणि अग्नी लाकडावर लाकूड घासून नव्यानं पाडावा लागे. म्हणजे विझण्याची सोय नियमातच होती! तुमच्या पंथाकडे ती आहे का? नसेल तर का नाही?

दोन, घर सोडावं लागणे. इराणशाहचा अग्नी संजाणहून निघाला आणि परंपरा सांगते त्याप्रमाणे बारा वर्षं बाहरोटच्या डोंगरातल्या गुहांत राहिला. हा डोंगर आपल्या पालघर जिल्ह्यात आहे. मग वांसदा, नवसारी आणि अखेर 1742 मध्ये उदवाडा. जळता अग्नी घेऊन डोंगर चढणं, तो पावसात झाकणं, कोणाच्या दारात रात्रीपुरता आसरा मागणं. प्रवासात काय काय झालं असेल याची कल्पना करायला बसलात तर खलपुरुषाची आठवणही येणार नाही.

तीन, पंथाच्या नियमानं कोणाचं तरी मन मोडणे. मी हे निवडलं. एका बाईनं पाच वर्षांपूर्वी गेलेल्या मुलाचा पाळणा गुहेत ठेवलाय. सावरीचं हलकं लाकूड, भराभर उजळलं. आता ते संपत आलंय आणि स्वप्नंही विरळ झालीत. ती गुहेच्या तोंडाशी येते. आत पंथातली सर्वांत वयस्क बाई, जिला सगळे थोरली म्हणतात, पहाऱ्याला बसलेली आहे.

'थोरले, पाळणा परत दे.'

'अर्धाच उरलाय गं.'

'अर्धा दे.'

नियम सांगतो, टेकवलेलं उचलायचं नाही. पाळणा बाहेर नेला तर तो वाळणार, उजेड जाणार, पण लाकूड उरेल. म्हणजे मुलगा स्वप्नात येत राहील, उजेडाशिवाय. आत ठेवला तर उजळत संपणार. यात बरोबर उत्तर कोणतं हे मला माहीत नव्हतं, अजूनही नाही, आणि म्हणूनच ती कथा पूर्ण झाली. तुम्हाला उत्तर आधीच माहीत असेल तर प्रसंग बदला.

दहावी पायरी : जाऊन बघा

पहिला मसुदा लिहून झाल्यावर जा, आधी नको. आधी गेलात तर प्रवासवर्णन होतं.

ज्योत घेतली असेल तर त्रिपुरी पौर्णिमेला एखाद्या जुन्या देवळाची दीपमाळ लावताना बघा. खाली उभं राहून फोटो काढू नका, वर चढणाऱ्या पोराला तेल द्यायला उभे राहा. हात चिकट होतात, वारा एकेक पणती मालवतो आणि वरून शिव्या येतात. काजवे घेतले असतील तर कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्याच्या गावांत जूनच्या पहिल्या पंधरवड्यात जा, शनिवार-रविवार टाळून. गाडीचे दिवे गावाबाहेरच बंद करा, फ्लॅश नाही, झाडाखाली गोंधळ नाही आणि काजवा पकडून बाटलीत घालायचा नाही. गावातल्या वाटाड्याला पैसे द्या आणि अळ्या कुठे दिसतात ते विचारा. तो आधी हसेल, मग दाखवेल.

बुरशीसाठी जुलै-ऑगस्ट, भीमाशंकरकडे, चांगला पाऊस लागून राहिल्यावर, शक्यतो अमावास्येच्या आसपास. अभयारण्यात रात्री आपलं आपण शिरायचं नाही, वनखात्याची परवानगी आणि स्थानिक माणूस दोन्ही लागतात. चमकणारं लाकूड उचलून घरी आणू नका. आणलंत तरी सकाळपर्यंत ते परगावी गेलेलं असेल. अर्धा तास अंधारात बसायची तयारी ठेवा, तिरपं बघा, आणि बसण्यापूर्वी पायांना मीठ किंवा तंबाखूचं पाणी चोळा. जळवा उजेडाला भीत नाहीत.